आधी 'म्हणून' शोधा, मग जॉनर ठरवा

गोष्ट लिहायला घेतलेल्या कुणालाही विचारा, रडगाणं एकच. सुरुवात झकास झालीये, चार पानं झालीत, पात्रं पण मस्त उतरलीत आणि आता पुढे काय करायचं तेच कळेना. माझं अजूनही होतं असं. बहुतेक वेळा कारण साधं असतं, आपल्याकडे घटना ढीगभर असतात पण कथानक, म्हणजे प्लॉट, नसतो.

प्लॉट समजायला जाड पुस्तकं नकोत, सत्यनारायणाची कथा आठवा, तीच जी आपण सगळे शिऱ्याच्या वासाकडे लक्ष ठेवून अर्धवट ऐकतो. त्यातला साधुवाणी बघा. मूल झालं तर पूजा करीन म्हणतो, मुलगी होते, मग म्हणतो हिच्या लग्नात करू, लग्न होतं तरी पूजा राहतेच. म्हणून परमुलखात चोरीचा आळ येतो आणि सासरा-जावई दोघंही तुरुंगात. इकडे घरी मायलेकी पूजा करतात म्हणून सुटका. परत येताना दंडी संन्यासी विचारतो नावेत काय आहे, तर हा पठ्ठ्या टाळायला सांगतो, वेलीपानं आहेत, आणि बघतो तर खरंच वेलीपानं! श्रद्धेचा भाग बाजूला ठेवा, बांधणी बघा फक्त. एकही संकट उगाच आभाळातून पडत नाही, प्रत्येक वेळी त्या माणसाची चालढकल नाहीतर थापेबाजी त्याला नडते. प्लॉट म्हणजे हेच, माणूस असा आहे म्हणून असं झालं, आणि असं झालं म्हणून आता त्याला तसं करावं लागतंय.

आता तुमच्या गोष्टीवर हे करून बघा. प्रत्येक घटना एका ओळीत वेगळ्या चिठ्ठीवर लिहा आणि दोन चिठ्ठ्यांच्या मधे कुठला शब्द बसतो ते बघा, 'आणि मग', 'म्हणून' की 'पण'. समजा मीना नगरहून पुण्याला येते, आणि मग नोकरी लागते, आणि मग रूममेट मिळते, आणि मग दोघी सिंहगडाला जातात. हे झालं टाइमटेबल. आता बदलू. मीनाला भाडं एकटीला झेपत नाही म्हणून ती चौकशी न करता रूममेट घेते, पण ती मुलगी रात्री अकराला बाहेर पडते ती पहाटे येते, म्हणून एक दिवस मीना मागे जाते. बघा, आता तुम्हालाच पुढचं हवंय. लागोपाठ तीन 'आणि मग' आले की समजायचं वाचक इथेच मोबाइल हातात घेणार.

(सगळ्या चिठ्ठ्यांवर 'म्हणून'च आला तरी घोळ आहे बरं का, मग गोष्ट उतारावरच्या सायकलीसारखी सरळ सुटते. मधेमधे 'पण' पाहिजेच.)

आता जॉनर, म्हणजे कथेचा प्रकार. कपाटाला चिकटवायचं लेबल आहे ते, असं बऱ्याच जणांना वाटतं, मलाही वाटायचं. एकदा एका दिवाळी अंकाला कथा पाठवली, आठ पानं भुताची आणि नवव्या पानावर कळतं की सगळं वाटणीचं भांडण होतं. कथा परत आली, सोबत एक ओळ, "वाचकाला घाबरवून वकिलाकडे का नेलंत?" तेव्हा राग आला, पण बरोबर होतं त्यांचं. जॉनर म्हणजे वाचकाला पहिल्या पानावर दिलेला शब्द.

एकच प्रसंग घेऊ. कोकणातलं घर वर्षभर बंद आहे, गणपतीला सगळे येतात, कुलूप शाबूत, आत सगळीकडे बोटभर धूळ, आणि स्वयंपाकघरात पातेल्यात दूध, गरम.

रहस्यकथा करायची तर वाचक विचारणार, दूध कुणी तापवलं? मग दुसरी चावी, मागचं दार, शेजारी, सगळं आलं. भयकथेत तोच वाचक मनात म्हणतो, अरे पळा इथून, आणि तुम्ही एवढंच लिहायचं की आजी गेल्यापासून ते पातेलं माळ्यावर होतं. विनोदी करायची तर वाचकाला आधीच माहीत हवं की शेजारचे अण्णा वर्षभर इथेच मुक्कामी आहेत आणि या क्षणी ते माळ्यावर शिंक दाबून बसलेत. कौटुंबिक असेल तर हक्कसोड पत्रावर सही करून दिलेली आत्या दर महिन्याला चोरून येत असते. घटना तीच, दूध तेच, फक्त कुणाला काय आणि कधी कळतं ते बदललं. माझ्या मते जॉनरचं खरं काम तिथेच आहे. रहस्यकथेत वाचक आणि शोध घेणारा बरोबरीने चालतात, भयकथेत वाचकाला पात्राच्या जरा आधी शंका येते, विनोदीत वाचकाला सगळं ठाऊक आणि पात्राला ओ की ठो नाही.

विज्ञानकथा? तिथे एकच कसोटी, विज्ञान काढून घेतलं तर गोष्ट कोसळली पाहिजे. त्या घरात काळ बाहेरच्यापेक्षा हळू चालतो आणि दूध मागच्या गणपतीचंच आहे असं असेल तर ठीक, पण मग बोटभर धुळीचं काय ते तुम्हालाच सांगावं लागेल, कारण हा वाचक सोडत नाही. जयंत नारळीकरांनी 1974 मधे मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला कथा पाठवली ती ना. वि. जगताप या नावाने, अक्षर ओळखू येऊ नये म्हणून पत्नीकडून लिहून घेऊन, आणि पहिलं बक्षीस मिळालं. परीक्षकांसमोर फक्त गोष्ट होती.

आणि ठरलेल्या साच्याला नाक मुरडू नका. बाबुराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या, झुंजार नाहीतर काळा पहाड, हे त्यांचे नायक, आला की काय मिळणार हे वाचकाला माहीत असायचं आणि त्यासाठीच तो पुस्तक घ्यायचा. साचा ओळखीचा चालतो, आतला माणूस नवा लागतो.

रहस्यकथावाल्यांसाठी एक हातचलाखी. धागा लपवायचा तर यादीच्या मधे लपवा. "काकूंनी विळी आणून दिली, दुधाचं बिल मागितलं, आणि जाताना आरतीची वेळ विचारली." घर बंद, मग दुधाचं बिल कसलं? पण वाचक विळी आणि आरतीच्या मधून सटकून जातो, आणि शेवटी मागे येऊन ती ओळ बघतो. तो धागा पहिल्या दोन-तीन पानांत नसेल आणि शेवटच्या पानावर उगवला तर वाचक तुम्हाला माफ करत नाही.

हे सगळं जमायला शेवट आधी ठरवावा लागतो, निदान दूध कुणी तापवलं एवढं तरी. दुधाची आयडिया आवडली असेल तर खुशाल घ्या, माझ्याकडे तीन वर्षं पडून आहे, कारण ते अजून मलाच ठरवता आलेलं नाही.