वंशावरचा शोधनिबंध मधून वाचायला घ्या

वंशावरच्या संशोधनाला वाहिलेल्या ‘डु बॉइस रिव्ह्यू’ या नियतकालिकातला पहिला निबंध मी सारांश आणि निष्कर्ष एवढ्यावरच उरकला होता. टिपण घेऊन सरांकडे गेले. त्यांनी कागद बाजूला ठेवला आणि विचारलं, “यातले कृष्णवर्णीय कोणी ठरवले?” मी गप्प. तेव्हापासून मी असे निबंध मधून वाचते, म्हणजे पद्धतीच्या भागापासून.

हे नियतकालिक २००४पासून केंब्रिज युनिव्हर्सिटी प्रेस काढते. नवख्याने आधी ‘स्टेट ऑफ द डिस्कोर्स’ हा भाग उघडावा. तिथे पुस्तकांची ऐसपैस परीक्षणं असतात, आणि कोणाचं कोणाशी वाजलंय ते तिथेच कळतं. आकडेवारीचे निबंध ‘स्टेट ऑफ द आर्ट’मध्ये. नाव ऐकून मी तिथे चित्रं शोधली होती!

पद्धतीच्या भागात पहिल्यांदा वंशाचा रकाना गाठा. तो कोणी भरला? माणसाने स्वतः, की समोरच्याने चेहरा बघून? अमेरिकेच्या जनगणनेत पूर्वी प्रगणकच बघून लिहायचा. १९२०, १९३० आणि १९४० साली तर ‘हिंदू’ हा चक्क एक वंश होता. भारतातून गेलेला शीख शेतकरीसुद्धा त्यातच. एकाहून अधिक वंशांवर खूण करायची मुभा २०००मध्ये मिळाली. म्हणून १९९० आणि २०००चे आकडे शेजारी शेजारी दिसले की मी समासात पेन्सिलीने प्रश्नचिन्ह काढते.

‘शिक्षण आणि वस्ती स्थिर धरल्यावर (म्हणजे सारखं शिक्षण, सारखी वस्ती असलेल्यांचीच तुलना केल्यावर) वंशांमधली तफावत घटली’ या वाक्यावरही घाईने विश्वास टाकू नका. वस्ती कुठली मिळाली, हेही वंशानेच ठरलेलं असू शकतं.

मग तक्ता. तो नुसता वाचू नका, वहीत पुन्हा काढा. सरावाला समाजशास्त्रज्ञ पेजर यांचा नोकरीतल्या भेदभावावरचा २००३चा निबंध घ्या. तो दुसऱ्या नियतकालिकातला आहे, पण इतका स्वच्छ तक्ता क्वचितच मिळतो. अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात चार तरुणांना नोकरीचे अर्ज करायला पाठवलं, एक जोडी गोरी, एक काळी. जोडीतला एकजण तुरुंगात जाऊन आल्याचं सांगायचा, आणि ही भूमिका ते आलटून पालटून करायचे. मालकांकडून पुन्हा बोलावणं आलं ते असं: गोरा, शिक्षा नसलेला ३४ टक्के; गोरा, शिक्षा झालेला १७; काळा, शिक्षा नसलेला १४; काळा, शिक्षा झालेला ५.

बहुतेकजण ३४ आणि १४ बघून थांबतात. नजर तिरकी न्या, १७ आणि १४वर. एक तुरुंगातून आलेला, एक कोरी पाटी असलेला. माझी वही त्या रेघेवर फाटेस्तोवर गिरवलेली आहे.

पण जपून. गोरी जोडी १५० मालकांकडे गेली, काळी जोडी दुसऱ्याच २०० मालकांकडे. म्हणजे ३४ आणि १७ एकाच मालकांनी दिलेली उत्तरं, तर १७ आणि १४ वेगवेगळ्यांची. मालक जोड्यांना सोडतीसारखे वाटून दिले होते, त्यामुळे तुलना चुकीची नाही. मात्र मधल्या तीन टक्क्यांवर इमला रचू नका. टिपणात ‘गोऱ्याला जास्त’ असं लिहिलं असेल तर खोडा, आणि ‘शिक्षा होऊनही जवळपास बरोबरीत’ असं लिहा.