मास्क नीट बसलाय का? आधी चष्म्याची काच बघा

मास्क कितीही चांगला असला तरी कडेने हवा शिरत असेल तर गाळणीचा उपयोग काय? एन-९५ घातल्यावर ही तपासणी अर्ध्या मिनिटात होते.

१. नाकावरची पट्टी एका चिमटीने दाबू नका, तिथे टोक येतं आणि दोन्ही बाजूंना फट राहते. दोन्ही हातांची बोटं मधोमध ठेवून पट्टी गालांकडे दाबत न्या.

२. दोन्ही तळवे मास्कवर अलगद ठेवा आणि जोरात श्वास सोडा. डोळ्यांपाशी गरम झुळूक लागली किंवा चष्म्यावर वाफ धरली, तर हवा नाकापाशी निसटतेय. गालांपाशी लागली तर पट्टे घट्ट करा.

३. आता झटकन श्वास आत ओढा. मास्क किंचित आत खेचला गेला पाहिजे. तसाच राहिला तर पुन्हा बसवा.

दाढी असेल तर हे जमतच नाही, केसांतून हवा जाते.

एक लक्षात ठेवा, यातून फक्त मास्क कसा बसलाय ते कळतं. आतलं कापड खरंच ९५ टक्के कण अडवतं का, ते घरी तपासता येत नाही. मास्क घालून मेणबत्ती फुंकून विझते का ते बघितलं, तरीही नाही.