कला विभागात येताय? आधी भिंत बघायला शिका

चित्रकला चांगली आहे म्हणून कला दिग्दर्शक व्हायचंय, असं सांगणारी पोरं सेटवर सारखी भेटतात. हात चालायलाच हवा. 'आवारा'चे कला दिग्दर्शक एम. आर. आचरेकर तर मुळात चित्रकारच. पण रोजच्या कामात जास्त उपयोगी पडतं ते घर ओळखणं. या खोलीत कोण राहतं, किती वर्षं, पगार किती, हे सामानावरून कळलं पाहिजे.

समजा 1970 सालची लालबागची खोली उभी करायची आहे. टीव्ही बाद, कारण मुंबई दूरदर्शन सुरू झालं ऑक्टोबर 1972 मध्ये. गावाहून आलेल्या पत्रावर पिनकोड नको, तोही 1972 चाच. भिंतीवर लाकडी पट्टीवरून ठोकलेली वायर आणि काळी गोल बटणं हवीत. इतकं जमवूनही प्लायच्या फ्लॅटवर, म्हणजे सेटच्या भिंतीच्या तयार फळीवर, नुसता रंग मारून सोडला, तर कॅमेऱ्यात भिंत लगेच खोटी दिसते. इथे एजिंग लागतं, म्हणजे नवी भिंत वापरून जुनी झालेली दाखवणं. बटणाभोवती बोटांचे डाग, कॉटच्या उशाशी डोकं टेकून पडलेला तेलकट गोल, स्टोव्हच्या वर काजळी, कॅलेंडरची जागा बदलली असेल तर जुन्या जागेवर उजळ चौकट. पातळ केलेला तपकिरी रंग, स्पंज आणि चिंधी, एवढ्यात भागतं. हात आवरता आला पाहिजे, हे खरं कसब. गरिबाचं घर म्हटलं की सगळ्या भिंती काळ्या करायची खोड आपल्याकडे भारी आहे. अहो, चाळीतल्या बायका डबे घासून ओळीने लावतात! फडकं पोचत नाही तिथेच मळ साचतो.

शिक्षणाचं थोडक्यात सांगतो. मुंबईत 1857 पासूनचं जे. जे. कला महाविद्यालय आहे, पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये कला दिग्दर्शनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. आर्किटेक्चर, इंटिरियर करूनही बरेच जण येतात. स्केचअप आणि ऑटोकॅड ही आराखडे काढायची सॉफ्टवेअर येत असतील तर पहिलं काम लवकर मिळतं. पुढची शिडी मात्र सगळ्यांना सारखीच, असिस्टंट, असोसिएट, मग कला दिग्दर्शक. नामवंत कला दिग्दर्शक नितीन देसाईसुद्धा कला दिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखालीच तयार झाले. प्रॉडक्शन डिझायनर दिग्दर्शक आणि कॅमेरामनबरोबर बसून अख्ख्या सिनेमाचा रंग-पोत ठरवतो. ते सगळं ठरलेल्या पैशांत आणि दिवसांत उभं करून घेणं, सुतार-पेंटर-मोल्डिंगवाल्यांना सांभाळणं, ही कला दिग्दर्शकाची डोकेदुखी.

असिस्टंटची पहिली वर्षं बाजारातच जातात. फर्निचरला जोगेश्वरीचं ओशिवरा मार्केट, जुन्या घड्याळं-कंदिलांना चोर बाजारातली मटण स्ट्रीट, विजेच्या सामानाला लोहार चाळ. दुकानदारांशी ओळख ठेवा. रात्री अकराला 'उद्या सकाळी रेडिओ हवा' असा फोन आला की तीच कामी येते.

आता पैसे. पेमेंट बऱ्याचदा तीन महिन्यांनी होतं, तेवढ्या भाड्याची सोय करूनच मुंबईत या. टेम्पो, हमाली, प्रॉपचं (सेटवरच्या सामानाचं) भाडं स्वतःच्या खिशातून भरू नका, आधी ॲडव्हान्स मागा. आणि बिल न देणाऱ्या दुकानात व्हाउचरवर सही घेतल्याशिवाय पायरी उतरू नका, नाहीतर अकाउंट्सवाले तो खर्च तुमच्याच माथी मारतात.