वादग्रस्त नाटक बसवायचं असेल तर

हौशी संस्थेत नाटकं उभी करणारा माणूस म्हणून सांगतो. आधी संस्थेची बैठक घ्या, तालीम नंतर. 'घाशीराम कोतवाल' डिसेंबर 1972 मध्ये पुण्यात रंगमंचावर आलं आणि 19 प्रयोगांनंतर संस्थेनेच ते थांबवलं, बाहेरच्यांनी नव्हे. कलाकारांनी मग थिएटर अकादमी काढून ते पुन्हा उभं केलं. म्हणून अध्यक्षांसकट सगळ्यांना संहिता मोठ्याने वाचून दाखवा. कच खाणारे तिथेच कळतात, आणि ते बरंच.

मग परिनिरीक्षण मंडळाचं, म्हणजे प्रयोगाआधी संहिता तपासणाऱ्या सरकारी मंडळाचं, प्रमाणपत्र. मंजूर प्रत प्रॉम्प्टरच्या हातात ठेवा आणि नटांना बजावा की पदरचं एक वाक्य घालायचं नाही. हशा मिळतो म्हणून टाकलेली कोटीच तक्रारीत पहिली येते! मंडळाने कात्री लावली तर कोणते शब्द आणि का, ते लेखी मागा. 'सखाराम बाइंडर'च्या वेळी नाटकाचे दिग्दर्शक कमलाकर सारंग उच्च न्यायालयापर्यंत गेले आणि जिंकले. तोंडी निरोपावर असली लढाई होत नाही.

निवेदन घेऊन कोणी आलं तर चहा द्या, पोच द्या, प्रयोगाला बोलवा. बहुतेकांनी नाटक पाहिलेलं नसतं. पत्रकारांशी एकानेच बोलावं, शक्यतो दिग्दर्शकाने. नाट्यगृहाच्या व्यवस्थापकाला मात्र आधीच सगळं सांगून ठेवा. ऐनवेळी 'वीज दुरुस्ती' निघते ती त्याच्याच कार्यालयातून.