दिवाणी अपील मागे घ्यायचे असेल तर

पुरसिस (न्यायालयाला द्यायचे लेखी निवेदन) लिहायला घेण्यापूर्वी आपण नेमके काय मागे घेत आहोत, अपील की मूळ दावा, हे वकिलांशी बोलून पक्के करावे. केवळ अपील मागे घेतल्यास खालच्या न्यायालयाचा हुकूमनामा, म्हणजे दाव्यातील निर्णयाचा आदेश, जसाच्या तसा कायम राहतो. मूळ वादीच अपिलार्थी असेल आणि दाव्यातच, सरकारवर दावा करण्यापूर्वी द्यायची कलम ८० ची नोटीस न दिल्यासारखा औपचारिक दोष राहिला असेल, तर त्याला दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश २३ नियम १ खाली, नवीन दावा दाखल करण्याच्या मुभेसह मूळ दावाच मागे घेण्याची परवानगी अपील न्यायालयाकडेही मागता येते. ही परवानगी सहजासहजी मिळत नाही, आणि ते योग्यच आहे, कारण प्रतिपक्षाच्या बाजूने झालेला हुकूमनामा त्यामुळे पुसला जातो. मुभा मिळाली तरी नियम २ नुसार दावा दाखल करण्याच्या मुदतीची गणना पहिला दावा झालाच नव्हता असे समजून होते; मुभा न घेता दावा मागे घेतला, तर त्याच विषयावर पुन्हा दावा आणता येत नाही.

साधे अपील मागे घेण्यासाठी मात्र लांबलचक कारणे लागत नाहीत. अपील क्रमांक, पक्षकारांची नावे आणि स्वेच्छेने अपील मागे घेत असल्याचे स्पष्ट विधान पुरेसे असते. वकीलपत्रात वकिलांना तसा अधिकार दिलेला असला, तरी अर्जावर अपिलार्थीची स्वतःची सही घ्यावी. पुढे ‘मला विचारलेच नव्हते’ हा वाद त्यामुळे टळतो. अपिलार्थी अनेक असतील, तर सर्वांची संमती आधी घेऊन ठेवावी.

प्रतिपक्षाने आदेश ४१ नियम २२ खाली उलट हरकत (त्याच हुकूमनाम्यातील स्वतःविरुद्धच्या भागावरचा आक्षेप) दाखल केली आहे का, हे पाहायला पुष्कळ जण विसरतात. मूळ अपील मागे घेतले तरी ती हरकत स्वतंत्रपणे चालून तिच्यावर निर्णय होऊ शकतो, म्हणजे अपील संपले तरी अपिलार्थीची त्या न्यायालयातून सुटका होईलच असे नाही.

आपसांत तडजोड झाली म्हणून अपील मागे घेतले जात असेल, तर तोंडी आश्वासनावर विसंबू नये. आदेश २३ नियम ३ प्रमाणे लेखी आणि उभय पक्षांच्या सहीची तडजोड दाखल करून तिच्यानुसार हुकूमनामा मागावा, कारण समोरच्याने शब्द फिरवल्यास मागे घेतलेले अपील पुन्हा उभे करणे फार अवघड जाते.

अपील निकाली निघताच त्यातील स्थगितीही संपते आणि प्रतिपक्षाला दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागण्याचा, मार्ग मोकळा होतो. त्यामुळे स्थगितीपोटी न्यायालयात रक्कम भरलेली असल्यास ती कोणाला मिळावी, तसेच खर्च कोणी सोसावा, याचा उल्लेख त्याच आदेशात करून घ्यावा आणि आदेशाची प्रमाणित प्रत लगेच मागवून ठेवावी.