टोमॅटोची रोपं थंडीत काळी पडत होती, ती अशी वाचवली (माझा अनुभव)

निफाडकडची थंडी. लागवडीला वीस दिवस झालेले. सकाळी पानं उकडल्यासारखी, पाणी भरल्यागत दिसायची; दुपारपर्यंत शेंडे काळे. करपा समजून बुरशीनाशक मारलं, पैसे गेले. पानांमागे ना डाग, ना बुरशी, आणि सगळा प्रकार एका रात्रीत, तेव्हा कुठे कळलं की ही थंडीची इजा आहे.

मग प्लास्टिक थेट रोपांवर टाकलं. जिथे पान प्लास्टिकला टेकलं, तिथेच करपलं. शेकोटीचा धूर वर निघून गेला. रोपांभोवती अंथरलेल्या पाचटाने (उसाच्या वाळल्या पानांनी) तर उलटंच केलं: दिवसा माती तापू दिली नाही, रात्री तिची ऊब वर येऊ दिली नाही. तीन रात्री झोप नाही, वर घरच्यांचे टोमणे.

जमलं ते असं. आकाश निरभ्र आणि वारा पडलेला दिसला की सकाळीच गादीवरचं (रोपांच्या उंच वाफ्यावरचं) पाचट सरीत ओढायचं. दुपारपर्यंत विहिरीचं पाणी ठिबकने द्यायचं; ओली माती ऊब जास्त धरते. बांबूच्या कामट्यांच्या कमानी रोपांपेक्षा वीतभर उंच. ऊन उतरायच्या आत, साडेचार-पाचला, त्यावर पांढरं क्रॉप कव्हर (पिकावर झाकायचं पातळ कापड), कडा मातीने पक्क्या दाबून. एका बाजूची फट राहिली तिथली चार रोपं गेलीच. सकाळी नऊच्या सुमारास कव्हर काढायचं, नाहीतर आत कोंडतं.

काळे शेंडे लगेच छाटू नका. मी आठवडाभर थांबलो, खालच्या बगलांतून फुटवे आले.