आठ माणसांत भरगच्च डबा

रेल्वेच्या गर्दीवर विनोदी शॉर्टफिल्म करायची म्हटली की पोरं मोबाइल घेऊन थेट पंचवटी एक्सप्रेसमध्ये चढतात. नका चढू. स्टेशनात आणि गाडीत शूटिंगला रेल्वेची परवानगी लागते, आणि दारात लटकलेल्या नटाचा शॉट कुणाच्या जिवापेक्षा मोठा नाही. डबा हॉलमध्येच उभा करा.

आधी ठरवा, टोला कुणाला? लटकणाऱ्याला अजिबात नको. नाशिकरोड ते मुंबई सीएसएमटी सुमारे १८८ किलोमीटर, तेवढं रोज जाऊन-येऊन माणसं नोकऱ्या करतात. हौसेने कुणी लटकत नाही. जागाच पुरत नाही, तिथे बोट ठेवा.

त्यासाठी एकच गोष्ट धरा आणि ताणा. मी रुमाल घेईन. खिडकीतून रुमाल पडला की सीट धरली, हे आपण सगळेच निमूट मानतो. मग नाशिकरोडला रुमाल बसलेला, देवळालीला आजी उभ्या, इगतपुरीला वडेवाला रुमालालाच विचारतो, "साहेब, चटणी देऊ?" टीसीही रुमालाकडेच तिकीट मागतो. नटांनी मात्र हसायचं नाही. ते गंभीर राहिले तरच प्रेक्षक हसतात.

सेटला दोन बाकं, प्लायची भिंत आणि खिडकीच्या गजांची चौकट पुरे. चौकट नाशिकच्या अंबड एमआयडीसीतल्या कुठल्याही फॅब्रिकेशनवाल्याकडे होते.

खरी कसोटी फ्रेमची. वाइड लेन्सने आठ माणसं आठच दिसतात. मोबाइल लांब ठेवून टेलिफोटोने, म्हणजे दूरचं जवळ आणणाऱ्या लेन्सने घ्या, मागचा-पुढचा एकमेकांना चिकटतो. फ्रेमच्या चारही कडांना खांदा, कोपर, पिशवी, काहीतरी अर्धवट कापलेलं हवंच. एक कड मोकळी राहिली की गर्दी संपली. हेलकावे सगळ्यांनी एकदम घ्यायचे. बाहेरून एकाने ठेका द्यावा.

कसारा घाटातला बोगदाही जमतो. खिडकीबाहेरचा दिवा पुठ्ठ्याने झाका आणि खडखडाट वाढवा. उजेड आला की सीटवर शेजारी दुसरा रुमाल!

आवाज वेगळे रेकॉर्ड करा: "जरा सरकून घ्या", "आत चला ना, आत जागा आहे", लहान मुलाचं रडणं. काही माइकजवळ, काही खोलीच्या टोकावरून, मग एकावर एक चढवा. निम्मी गर्दी इथेच तयार होते.

एडिट झाल्यावर आधी रोजच्या पासवाल्यांना दाखवा. "असं नसतं हो" असं ते जिथे म्हणतील, तो शॉट पुन्हा घ्या.